ओल्या रंगावरची बोटं

फोन आला तेव्हा बाई घराच्या दाराला कुलूप लावत होत्या.

"मॅडम, कालचा कागद गेला!" पलीकडून दूध संस्थेची रेकॉर्डवाली ताई बोलत होती. आवाज रडवेला. "फाइल जागेवर आहे, फीत बांधलेली आहे, बाकी सगळे कागद आहेत. तेवढा एकच नाही."

"खोलीत कुणाला सोडू नका. आलेच मी."

बाई सहकार खात्याच्या चौकशी अधिकारी. निवृत्तीला दोन वर्षं उरलेली, गुडघे कुरकुरणारे, आणि चौकशी चालू असेपर्यंत दोन्हींपैकी कुठल्याच पक्षाचा चहा घ्यायचा नाही असा नेम. त्यामुळे संस्थांमधले लोक त्यांना मागून 'कोरडी बाई' म्हणत. बाईंना ते ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं.

बसमध्ये खिडकीची जागा मिळाल्यावर त्यांनी पिशवीतून गेलेल्या कागदाची झेरॉक्स काढली. मजकूर जेमतेम तीन ओळींचा. 'केंद्रप्रमुख पदावर दिलेली पदोन्नती घरगुती अडचणींमुळे मी स्वीकारू शकत नाही. याबाबत पुढे माझा काही दावा राहणार नाही.' खाली सही. तारीख अकरा वर्षांपूर्वीची.

सही होती टाचणीकाकांची. चौतीस वर्षं संस्थेत लिपिक म्हणून राबलेला माणूस. अंगानं काटकुळा, शर्टाच्या खिशाला कायम दहाबारा टाचण्या खोचलेल्या, म्हणून हे नाव. आठ महिन्यांपूर्वी ते निवृत्त झाले. ग्रॅच्युइटी आणि पेन्शनचा हिशेब करायला सेवापुस्तक उघडलं, तर आत एक नोंद निघाली. अकरा वर्षांपूर्वी त्यांना बढती मिळाली होती. पस्तीस किलोमीटरवरच्या शीतकरण केंद्राचे प्रमुख म्हणून. पुढे लिहिलेलं: 'कर्मचाऱ्याने लेखी नकार दिला.'

टाचणीकाकांना यातलं काही माहीतच नव्हतं. संचालकांनी आपल्याला डावललं, असंच ते इतकी वर्षं धरून चालले होते. त्यांनी दावा लावला, आणि संस्थेनं हे पत्र काढून समोर ठेवलं.

"सही माझीच आहे," काल सुनावणीत ते म्हणाले होते. "पण पत्र मी लिहिलेलं नाही."

खोलीत हशा पिकला होता. फक्त त्यांची मुलगी हसली नव्हती. तिनं बापाकडे बघितलंही नव्हतं.

बाईंनी हुकूम दिला होता की मूळ पत्र अक्षरतज्ज्ञाकडे पाठवायचं. आज ते सीलबंद होऊन जायचं होतं.

त्यांनी झेरॉक्स पुन्हा निरखली. अक्षर मोठं, ताठर. प्रत्येक अक्षराचा पाय सुरीनं कापल्यासारखा सपाट. उकार मागाहून, अंदाजानं चिकटवल्यासारखे बाजूला सरकलेले. आणखी एक गंमत होती. कागदाचा वरचा निम्मा भाग मोकळा, आणि शेवटची ओळ मात्र सहीच्या डोक्यावर चढून बसलेली. एवढी जागा असताना इतकी दाटी कोण करेल? बाईंना ते काही केल्या उलगडेना.

संस्थेच्या आवारात दुधाचे कॅन धुणं चाललं होतं. ओल्या फरशीवर कॅन आपटत होते आणि सोड्याचा वास नाकात जात होता. व्हरांड्यातल्या बाकावर टाचणीकाका बसले होते आणि शेजारी अण्णा.

अण्णा पूर्वी इथले हेडक्लार्क. सात वर्षांपूर्वी निवृत्त झाले आणि वर्षभरात त्यांची दृष्टी पार गेली, असं सगळे सांगत. तेव्हापासून टाचणीकाका त्यांना रोज घरून आणत आणि परत पोचवत. टाचणीकाका पुढे, अण्णा अर्धं पाऊल मागे, उजव्या हातानं त्यांचं डावं कोपर धरून. दावा संस्थेशी चालू होता, तरी टाचणीकाकांनी संस्थेचा बाक सोडला नव्हता. अण्णांना कॅनचा आवाज ऐकल्याशिवाय दिवस गेल्यासारखा वाटत नाही म्हणे.

"बाई आल्या," अण्णा पावलांच्या आवाजावरून म्हणाले आणि उठून उभे राहिले.

बाईंनी नमस्कार केला आणि आत गेल्या.

रेकॉर्डची खोली म्हणजे एक बोळच. खिडकी नाही. दोन्ही बाजूंना लोखंडी रॅक. दारावर डोळ्यांच्या उंचीला पाटी: 'रंग ओला आहे. हात लावू नये.'

"रंग कधी दिला?"

"काल सकाळी," ताई म्हणाली. "फायली न हलवता नुसत्या कडा रंगवल्या. रंगारी साडेबाराला गेला. सुनावणी संपल्यावर एक वाजता मी फाइल जागेवर ठेवली. दीड ते सव्वादोन जेवायला मागच्या खोलीत होते. मग काही आत गेले नाही. आज सकाळी पाकीट करायला फाइल सोडली, तर..."

"किल्ली?"

"माझ्या टेबलामागच्या खिळ्याला. वर्षानुवर्षं तिथेच असते. सगळ्यांना माहीत आहे."

बाईंनी दिवा लावला. करड्या रंगाच्या कडेवर, कंबरेच्या उंचीला, चार बोटांचे ओरखडे उमटले होते. दारापासून सुरू होऊन सरळ रेषेत आत गेलेले. प्रत्येक खांबापाशी बोटं उचललेली, पुन्हा टेकलेली. पाचव्या रॅकपाशी थांबलेली. अंगठ्याचा मागमूस नव्हता.

बाईंनी दारावरच्या पाटीकडे बघितलं, मग त्या ओरखड्यांकडे.

"कर्मचाऱ्यांच्या फायली कायम पाचव्या रॅकवर?"

"हो. अण्णांच्या वेळेपासूनची लावणी आहे, कुणाची फाइल कितवी तेसुद्धा ठरलेलं. आम्ही बदलली नाही."

"फाइल केवढी?"

"दीडशेच्या आसपास कागद. पण हा कागद शोधायला वेळ लागत नाही मॅडम. बाकीचे लांब आणि पातळ, हा आखूड आणि जाड. रजेच्या अर्जाचा कागद आहे तो, आणि ते अर्ज एरवी वेगळ्या फायलीत जातात."

"म्हणजे?"

ताई जरा ओशाळली. "पूर्वी इथे एक पद्धत होती. दूध पहाटे येतं. कुणी आलं नाही तर त्याच्या अर्जाची वाट कोण बघत बसणार? म्हणून प्रत्येकजण वर्षाच्या सुरुवातीला चारपाच कोऱ्या कागदांवर सह्या करून ठेवायचा. गैरहजर राहिला की त्याच्या कागदावर रजेचा अर्ज लिहून टाकायचा. आता बंद झालं ते."

"कोऱ्या कागदावर सही! कुणाला भीती नाही वाटली?"

"कसली भीती? हेडक्लार्कच्या टेबलाच्या खणात असायचे सगळे. घरच्यासारखंच होतं."

"खणाला कुलूप?"

"छे! तिथे चार लिपिक बसायचे. आताचे व्यवस्थापकसाहेबसुद्धा तेव्हा तिथेच होते."

बाईंनी मान हलवली. सही खरी होती आणि पत्र खोटं होतं. टाचणीकाका कालपासून हेच तर सांगत होते.

व्यवस्थापकांची खोली थंडगार होती. टाचणीकाकांनी नाकारलेली म्हणून जी बढती पुढच्या माणसाला गेली, तो माणूस हाच. शीतकरण केंद्रावर सहा वर्षं काढून तो इथे व्यवस्थापक होऊन आला होता.

"चहा?" त्यांनी विचारलं.

"नको. काल दीड ते सव्वादोन तुम्ही कुठे होतात?"

"इथेच. दार लावून जेवत होतो. एकटाच."

"पत्र खोटं ठरलं तर तुमची बढती धोक्यात येते."

"आणि पत्र गायब झालं तर संस्थेची बाजू धोक्यात येते. माझ्या हातात हुकमाचं पान होतं बाई, ते मीच कशाला फाडू?" ते पुढे झुकले. "तुम्ही बाहेर त्या टाचणीचा स्वेटर बघितला का? नसेल तर बघा. मी सकाळीच पाहिलाय. डाव्या बाहीला करडा रंग आहे! दप्तराची चोरी म्हणजे मिळतेय ती ग्रॅच्युइटीसुद्धा अडवता येते. मी संचालकांशी बोललोय."

बाई उठल्या. चेहऱ्यावर त्यांनी काही दिसू दिलं नाही.

टाचणीकाकांना त्यांनी बाजूच्या खोलीत बोलावलं. मुलगी बरोबर आली. तिशीला टेकलेली, कापडाच्या दुकानात दिवसभर मीटर धरून उभी राहणारी. अकरा वर्षांपूर्वी नर्सिंगला नाव घातलेलं होतं, पहिल्या वर्षानंतर फी झेपली नाही म्हणून सोडावं लागलं. हे तिनं काल सुनावणीत सांगितलं नव्हतं. ते सांगितलं होतं टाचणीकाकांनी, आणि सांगताना त्यांचा आवाज फुटला होता.

"काल दुपारी तुम्ही कुठे होतात?"

"अण्णांच्या गोळ्या आणायला गेलो होतो. त्यांनीच पाठवलं. पण औषधाचं दुकान दुपारी बंद असतं, हे माझ्या लक्षातच आलं नाही. हेलपाटा पडला. अर्ध्या तासानं परत आलो आणि लगेच त्यांना घरी सोडलं."

"म्हणजे दुकानात तुम्हाला कुणी पाहिलं नाही."

"नाही."

"हात वर करा जरा."

त्यांनी हात उचलला. तपकिरी, कोपरावर विरलेला स्वेटर. बाहीच्या आतल्या बाजूला, बरगडीकडे वळणाऱ्या भागावर करड्या रंगाचे चार ठिपके होते. टाचणीकाकांनी मान वाकडी करून ते बघितले आणि त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"बाई, देवाशपथ..."

"थांबा," बाई म्हणाल्या. "उजव्या हातानं स्वतःचं डावं कोपर धरून दाखवा."

त्यांनी धरलं. चारही बोटं बाहीच्या बाहेरच्या अंगाला गेली, अंगठा आत. रंगाचे ठिपके झाकले गेले नाहीत. बाईंनी तीनदा धरून बघायला लावलं. तिन्ही वेळा तेच.

मुलगी इतका वेळ गप्प होती. ती एकदम म्हणाली, "बाबा, आता तरी खरं सांगा. मी रागावणार नाही. तुम्हाला तिकडे एवढं मोठं काम घ्यायची भीती वाटली होती का? म्हणून लिहून दिलंत का?"

टाचणीकाकांनी तिच्याकडे पाहिलं. खिशातली एक टाचणी काढली आणि पुन्हा तिथेच खोचली. चौतीस वर्षांचे पैसे बुडाले असते तरी या माणसानं कसंबसं निभावलं असतं, पण मुलीच्या मनातून उतरलेला बाप घेऊन तो जगला नसता. बाईंना ते लख्ख दिसलं, आणि त्यांना फार वाईट वाटलं.

"अजून एक विचारायचंय," त्या म्हणाल्या. "हेडक्लार्कच्या टेबलाशेजारी कोण बसायचं?"

"मीच. एकोणीस वर्षं."

बाईंनी ताईकडून दूध आवकीच्या जुन्या वह्या मागवल्या. तेरा वर्षांपूर्वीची वही अण्णांच्या हातची होती, गोल आणि देखण्या अक्षरात. बारा वर्षांपूर्वीच्या वहीत निम्म्यातून अक्षर बदललं होतं. बारीक, टोकदार अक्षर. पुढच्या पाचही वर्षांच्या बेरजा त्याच अक्षरात, आणि प्रत्येक पानाखाली तेवढी अण्णांची सही. सहीचासुद्धा पाय सपाट.

"हे अक्षर तुमचं?"

"हो."

"हेडक्लार्कच्या वह्या तुम्ही का लिहीत होतात?"

टाचणीकाका चुळबुळले. "जाऊ द्या ना बाई. जुनी गोष्ट आहे."

"मला उत्तर हवंय."

"त्यांना तेव्हापासूनच कमी दिसायला लागलं होतं. कुणाला सांगितलं नव्हतं. मी आपला बेरजा करून द्यायचो, कागद वाचून दाखवायचो. सहीच्या जागी पट्टी धरायचो, म्हणजे त्यांची सही सरळ यायची. त्यात काय एवढं?"

बाईंनी वही मिटली. आता विचारण्यासारखं काही उरलं नव्हतं, आणि याचं त्यांना मुळीच समाधान वाटलं नाही.

अर्ध्या तासानं व्यवस्थापकांच्या खोलीत सगळे बसले. टेबलाच्या एका बाजूला व्यवस्थापक आणि ताई, दुसऱ्या बाजूला टाचणीकाका आणि मुलगी. अण्णांना टाचणीकाकांनीच आपलं कोपर धरायला देऊन आणलं आणि खुर्चीवर बसवलं.

"रंगापासून सुरुवात करते," बाई म्हणाल्या. "दारावर पाटी होती. रंगाला वास होता. तरी काल जो आत गेला त्यानं चार बोटं दारापासून पाचव्या रॅकपर्यंत ओढत नेली. दिवा लावला असता, मोबाइलचा उजेड पाडला असता, तर असं कुणी केलं असतं का? रंग दिसत असताना माणूस अंग चोरून चालतो. या माणसानं उलट रॅकचाच आधार घेतला आणि खांब मोजले. त्याला उजेडाची गरज नव्हती. उजेडाचा उपयोगही नव्हता."

बाहेर कुणीतरी कॅन आपटला.

"फायलीत दीडशे कागद होते. त्यातला एकच आखूड आणि जाड. तो बोटांना कळतो."

व्यवस्थापक म्हणाले, "पण टाचणीच्या बाहीवर..."

"बाहीवर चार बोटं आहेत. आतल्या बाजूला. स्वतःच्या हातानं तिथे बोटं पोचत नाहीत. रॅकला घासून रंग लागला असता तर बाहेरून लागला असता. ती बोटं मागून धरणाऱ्याची आहेत. रस्त्यावरून चालताना, विश्वासानं धरणाऱ्याची."

टाचणीकाकांनी नकळत उजवा हात डाव्या बाहीवर ठेवला.

"आता पत्र. बढती म्हणजे पस्तीस किलोमीटरवर बदली. टाचणीकाका तिकडे गेले असते तर इथे कुणाचं अडलं असतं? साहेबांचं नाही. त्यांना बढती हवी होती हे खरं, पण त्यांचं अक्षर असं पट्टीवर बसवलेलं नाही. ज्याला ओळ दिसत नाही तो ओळीखाली पट्टी धरतो. मग अक्षरांचे पाय पट्टीला आपटून सपाट होतात आणि उकार मागून चाचपत द्यावे लागतात. वर निम्मा कागद कोरा आहे हे त्याला कळत नाही. सही तेवढी बोटाखाली धरून ठेवायची, आणि तिच्या आधी मजकूर संपवायचा." बाईंनी आवाज खाली आणला. "अण्णा, काल टाचणीकाकांना गोळ्या आणायला पाठवलंत, तेव्हा दुकान बंद असतं हे तुम्हाला माहीत होतं ना?"

अण्णांनी काळा चष्मा काढला. डोळे दुधी झाले होते. त्यांनी सदऱ्याच्या आतल्या खिशात हात घातला आणि घडी घातलेला आखूड कागद काढून टेबलावर ठेवला.

"वाचून सांगा बाई," ते म्हणाले. "तोच आहे का?"

बाईंनी घडी उघडली. "तोच आहे."

"मला खात्री नव्हती. रात्री जाळून टाकायचा होता. पण जाळायच्या आधी विचारू कुणाला? सुनेला वाच म्हणू? आजवर माझा प्रत्येक कागद यानंच वाचून दाखवलाय. हा तेवढा याला दाखवता येईना."

"असं का केलंत?"

"निवृत्तीला चार वर्षं राहिली होती. डॉक्टर म्हणाले होते, हळूहळू सगळं जाणार. कामाला नालायक म्हणून काढलं असतं तर पेन्शन निम्मी झाली असती. घरी बायको अंथरुणाला खिळलेली. हा शेजारी होता तोवर मी हेडक्लार्क होतो. हा गेला असता तर त्याच दिवशी मी आंधळा झालो असतो." ते थांबले. "बढतीचा आदेश माझ्याच हाती आला. खिडकीशी नेऊन, डोळ्याला लावून वाचला. संध्याकाळी यानं विचारलं, अण्णा, आज टपालात काय? मी म्हटलं, काही नाही."

मुलीनं तोंडावर पदर धरला.

"काल बाकावर ऐकलं, अक्षर तपासायला जाणार. वाटलं, मी मेल्यावर कळलं असतं तरी चाललं असतं. जिवंतपणी याला कळायला नको."

व्यवस्थापक खाली बघत होते. बाईंनी जबाब लिहायला घेतला. पेन कागदावर घासत राहिलं. लिहून झाल्यावर त्या म्हणाल्या, "मी वाचून दाखवते. पटलं तर सही करा."

अण्णांनी मान हलवली. "तुम्ही नको बाई. यानं वाचला तरच मी सही करीन. दुसऱ्या कुणाच्या वाचण्यावर मी कधी सही केलेली नाही."

बाईंना संताप आला. एवढं करून वर हे मागणं! त्या नकार देणार, तोच टाचणीकाकांनी हात पुढे केला आणि कागद घेतला.

त्यांनी वाचला. पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत, रोज वर्तमानपत्र वाचून दाखवत असतील त्याच आवाजात, थांबायच्या जागी थांबत. 'मी माझ्या सहकाऱ्याच्या विश्वासाचा गैरफायदा घेऊन' या ठिकाणी त्यांना खाकरावं लागलं. मग पुढे वाचलं.

वाचून झाल्यावर त्यांनी टेबलावरची पट्टी उचलली, सहीच्या जागेखाली धरली आणि अण्णांचं बोट तिच्या कडेवर टेकवलं. ठरवून केल्यासारखं काही नव्हतं त्यात. हातांना सवय होती.

अण्णांनी सही केली. सरळ आली.

"अण्णा," टाचणीकाका पहिल्यांदाच बोलले. "एकदा मला विचारायचं होतं तुम्ही."

"काय विचारणार होतो? जाऊ नकोस म्हणून?"

"हो. मी गेलो नसतो. माझ्या हातानं नकार लिहून दिला असता. हिच्या आईला आणि हिला समजावलं असतं. मग निदान ते माझं तरी असतं."

अण्णांचा हात टेबलावर चाचपत पुढे आला. टाचणीकाका उठले. तो हात रिकाम्या फरशीसारख्या गुळगुळीत लाकडावर तसाच राहिला.

"माझ्या आईला शेवटपर्यंत वाटत होतं की तुम्ही संचालकांपुढे तोंड उघडायला घाबरलात," मुलगी बापाला म्हणाली. "आणि मला कालपर्यंत. बाबा, मी..."

"असू दे," टाचणीकाका म्हणाले.

बाईंनी निष्कर्ष लिहिला. बढती त्या तारखेपासून ग्राह्य, वेतन, ग्रॅच्युइटी आणि पेन्शन नव्यानं काढावी. अण्णांवर काय कारवाई व्हायची ते वेगळ्या कागदावर. तीस वर्षांत त्यांनी इतका चोख निकाल क्वचितच दिला असेल, आणि सही करताना त्यांचा हात इतका जड कधी झाला नव्हता.

"शिपायाला सांगते, अण्णांना घरी सोडायला," ताई हळूच म्हणाली.

नेहमीची निघायची वेळ झाली होती. अण्णा उठून उभे राहिले आणि सवयीनं उजवा हात थोडा पुढे करून थांबले. शिपाई येईपर्यंत तो हात तसाच होता.

बाई व्हरांड्यात आल्या. शिपायानं बाकावर आणून ठेवलेला चहाचा कप निवत होता. बाईंनी चौकशीच्या जागी आयुष्यात पहिल्यांदा असा कप उचलला आणि एक घोट घेतला. घशाला कोरड पडली होती.

फाटकातून टाचणीकाका बाहेर पडत होते. मुलीनं त्यांचा उजवा हात धरला होता आणि ती काहीतरी बोलत होती. ते मान हलवत होते. रस्ता मोकळा होता, घाई करायला काही हरकत नव्हती, तरी ते हळूहळू, खड्डा चुकवून, मागच्याला पाऊल टाकायला वेळ देत चालले होते. आणि त्यांचं डावं कोपर अंगापासून थोडं बाहेर काढलेलं होतं, कुणीतरी धरावं म्हणून.